ज्यांच्याकडे चहा मिळत नसे

पांढरकवड्यात चहा न मिळणं ही सोपी गोष्ट नाही. इथे भांडायला आलेल्यालाही आधी 'चहा घ्या, मंग बोला' म्हणतात. पत्रिका द्यायला आलेला, मीटर वाचायला आलेला, नुसता पत्ता विचारायला थांबलेला, कुणीही कोरडा परत जात नाही. अशा गावात एका वकिलाच्या बैठकीत भिंतीवर पाटी होती : 'येथे चहा मिळणार नाही. कोणीही आले तरी उठले जाणार नाही. हुकमावरून.' हुकूम कुणाचा ते लिहिलेलं नव्हतं. पण पाटीच्या बरोबर खाली ते स्वतःच बसलेले असत, त्यामुळे विचारायची वेळ कुणावर आली नाही.

मी त्यांच्याकडे सात वर्षं गेलो. आठवड्यातून दोनदा धरलं तरी सातशेच्या वर चहा मला तिथे मिळाले नाहीत. त्यांचं नाव इथे सांगत नाही. सांगितलं तर ते माझ्यावर दावा लावतील, आणि त्यांचे दावे सहसा मंजूर होतात.

ते फक्त मोटार अपघातांचे दावे चालवत. शेतीची भांडणं, फारकती, मारामाऱ्या यांना त्यांच्याकडे प्रवेश नव्हता. 'गाडी कोणती होती?' हा त्यांचा पहिला प्रश्न, आणि गाडी नसेल तर तोच शेवटचा. नागपूर-हैदराबाद रस्ता गावाला घासून जातो, त्यामुळे कामाची ददात नव्हती. रस्ता चौपदरी झाला तेव्हा गावानं पेढे वाटले. यांनी फायलींसाठी एक जास्तीचं कपाट घेतलं.

रस्त्यावर मात्र त्यांचा भरवसा नव्हता. स्वतःची गाडी त्यांनी कधी घेतली नाही. कोर्टात पायी जात आणि रस्ता ओलांडायच्या आधी समोरून येणाऱ्या गाडीचा नंबर बॉलपेननं डाव्या तळहातावर लिहून घेत. 'ठोकून पळून गेला त कोनाच्या नावानं दावा लावू? नंबर असला त मानूस मरते, पन केस मरत नाही,' असं ते म्हणत. संध्याकाळी त्यांचा तळहात आरटीओच्या रजिस्टरसारखा भरलेला असे. ढाब्यावर ट्रकवाला दिसला की रामराम नंतर, आधी 'विमा चालू हाय ना भाऊ?' ट्रकवाले त्यांना एजंट समजून पळत.

न उठण्याचं म्हणाल तर एकदा एक पुढारी चार गाड्या घेऊन त्यांच्या दारात आले. वकीलसाहेब जागेवरूनच 'बसा' म्हणाले. पुढारी बसणार कुठे? एकुलत्या एक रिकाम्या खुर्चीवर पायाला प्लास्टर घातलेला माणूस होता. तो बिचारा रिवाजाप्रमाणे उठायला लागला, तर साहेब त्याच्यावर ओरडले, 'खाली बस. पाह्य, कोनासाठी उठशीन त तुही केस सोडून देईन.' पुढारी दहा मिनिटं उभ्यानं बोलून गेले. पुढल्या निवडणुकीत आमच्या वॉर्डात नाली झाली नाही, त्याचं कारण लोक अजून हेच सांगतात.

फक्त न्यायाधीश आले की ते उठत, नाइलाजानं. तेही टेबल धरून, तोंड वाकडं करून, अगदी सावकाश. बाकीचे वकील बसून जात तेव्हा हे कुठे सरळ होत. नवीन न्यायाधीशाला वाटे, यांनाही कुठेतरी ट्रकनं उडवलेलं दिसतं. साहेब तो समज दूर करत नसत.

आता त्यांच्या परीक्षेबद्दल सांगतो, कारण गावात त्यांची खरी बदनामी त्या परीक्षेनंच झाली.

बैठकीच्या मागे पडदा होता आणि पडद्यामागे छोटी खोली. तिथे गॅसची शेगडी, पाण्याचा हंडा, वरच्या फळीवर पत्ती-साखरेचे दोन डबे आणि खाली एक पाट. नवीन जखमी पक्षकार आला की साहेब त्याच्या डॉक्टरी दाखल्याकडे बघतसुद्धा नसत. त्याला आत नेत, मनगटावरचं घड्याळ काढून समोर ठेवत आणि सांगत, 'चहा मांड.' पक्षकार धडपडत चहा करी. साहेब वहीत लिहीत : पाटावरून उठायला साडेतीन मिनिटं. डबा काढायला दोन, त्यात एकदा भिंत धरली. हंडा तिरपा झाला नाही, ग्लासानं पाणी घेतलं, अर्धं सांडलं. चहा झाला की वहीखाली पक्षकाराचा अंगठा, दोन साक्षीदारांच्या सह्या, आणि चहाचा कप खिडकीत.

पक्षकार हात जोडून म्हणे, 'घ्या ना साहेब, गरम हाय.'

'पुरावा पेत नसते,' साहेब म्हणत.

तो कप दुसऱ्या दिवसापर्यंत खिडकीत तसाच राही आणि मग नालीत जाई. आश्चर्य म्हणजे त्याला कधी मुंगी लागत नसे. आमच्या गावच्या मुंग्या दगडालासुद्धा लागतात, पण त्या कपाला नाही. मला वाटायचं, पाटी मुंग्यांनीही वाचली असावी.

मी एकदा त्यांना विचारलं, डॉक्टरांचा दाखला असताना हे नाटक कशाला? त्यांनी एका बाईचा दाखला माझ्यापुढे सरकवला. त्यावर लिहिलं होतं, अपंगत्व चाळीस टक्के.

'चाळीस टक्के बाई मंजे कोनती बाई ते सांग,' ते म्हणाले. 'कापूस येचते ते चाळीस टक्के गेली का पोरायले न्हाऊ घालते ते गेली? डाक्तर टक्के देते. जज टक्क्याले पैशानं गुनते. बाई कोनीच नाही पाह्यत.'

लोकांना हे कुणी समजावून सांगितलं नव्हतं आणि साहेबांना समजवायची हौस नव्हती. गावात तीन मतं होती. एक पक्ष म्हणे, चिक्कू आहे, पक्षकाराच्या हातून चहा करून घेतो आणि ओतून देतो. दुसरा म्हणे, डोक्यावर परिणाम आहे. तिसरं मत हळू आवाजात चाले. आपल्या हातचं त्याला चालत नाही, जातीची घमेंड आहे. साहेब खेड्यांत पक्षकारांच्या घरी जात, तेव्हा रस्त्यावरूनच ओरडत, 'उठू नका, चहा नको, पानी बी नको.' त्यामुळे या तिसऱ्या मताला दर वारी नवा पुरावा मिळे. हे मत त्यांच्या कानावर गेलेलं होतं. मला वाटतं त्यांना ते लागलं होतं, पण लागलेलं दाखवायचं नाही हे फक्त त्यांनी स्वतःपुरतं ठेवलं होतं. पक्षकारांना मात्र ते उलटं शिकवत.

मी त्यांच्याकडे पोचलो तो शत्रूच्या बाजूनं. विमा कंपन्यांसाठी तपास करणारी एक एजन्सी यवतमाळला होती, मी तिच्यात तपासनीस होतो. नाव भारदस्त आहे. काम असं की, अपघातात ज्याचं काही मोडलं त्याच्या घरी ओळख न सांगता जायचं आणि ते फारसं मोडलेलं नाही हे शोधून काढायचं. आमचे मोठे साहेब मीटिंगमध्ये सांगत, 'मेलेला माणूस एकदाच मरतो, जखमी माणूस मात्र जन्मभर महाग पडतो.' सगळे हसत. मीही हसे, कारण मी प्रोबेशनवर होतो. बी.कॉम. झालेल्या माणसाला यवतमाळात दुसरं काय मिळतं ते ज्यानं शोधलं असेल त्यानंच मला नावं ठेवावीत.

एक दावा केळापूर तालुक्यातला आला. तालुका केळापूर आणि कचेरी-कोर्ट पांढरकवड्यात, म्हणजे कागदावर एक गाव आणि जमिनीवर दुसरं. आमच्या धंद्याला हे मानवणारं होतं. अर्जदार होती पार्बताबाई. दुसऱ्यांच्या शेतात कापूस वेचायला जाणारी, पन्नाशीची, नवरा नाही, एक मुलगी लग्न होऊन पुसदकडे. फाट्यावर ऑटोची वाट बघत उभी असताना ट्रकनं उडवली. उजवा खुबा मोडला. ट्रकचा विमा आमच्या कंपनीकडे होता.

मी वैशाखात भर दुपारी तिच्या घरी गेलो. शर्टाच्या खिशात मोबाईल, कॅमेऱ्याचं भोक बाहेर आणि रेकॉर्डिंग चालू. दारातूनच सांगितलं, 'घरकुलाच्या सर्व्हेला आलो, मावशी.' हे आमचं नेहमीचं नाटक. विम्याचा माणूस म्हटलं की लोक खाटेवर पडून कण्हतात. घरकुलाचा म्हटलं की घर दाखवायला उठून उभे राहतात.

'या ना भाऊ, उन्हाचे आले,' ती म्हणाली. 'चहा घेतल्याशिवाय जाऊ देत नाही मी तुमाले.'

मी नको म्हणालो नाही. आमचा सगळा धंदा त्या चहावरच चालत होता. कंबर मोडलेली बाई पाहुण्यासाठी उठते, चहा करते, दारापर्यंत सोडायला येते, आणि आम्ही फोटो काढतो. जगात दुसरीकडे विमा कंपन्यांना डिटेक्टिव्ह ठेवावे लागत असतील. आमच्याकडे नुसतं पाहुणा होऊन जाणं पुरे.

मी यवतमाळला जाऊन त्या व्हिडिओचे चाळीस सेकंद कापून काढले. कापाकापीत माझा हात चांगला बसलेला होता. चाळीस सेकंदांत पार्बताबाई शेगडीपाशी उभी आहे, चहा गाळते आहे आणि हसते आहे. खाली मी अहवाल लिहिला, 'अर्जदार महिला स्वयंपाकघरातील सर्व कामे सहजतेने करते.' मोठे साहेब खूश झाले. मी प्रोबेशनवरून कायम झालो.

साक्षीसाठी मला पांढरकवड्याच्या कोर्टात बोलावलं तेव्हा कंपनीच्या वकिलांनी बजावलं होतं, 'मूळ व्हिडिओ विचारतील. डिलीट झाला म्हणायचं. मोबाईल आहे, होतो डिलीट.' मी मान हलवली. तो मोबाईलमध्ये तसाच होता. डिलीट करायला वेळ मिळाला नाही असं मी स्वतःला सांगत होतो. वेळ भरपूर होता.

कोर्टाच्या व्हरांड्यात बाकावर पार्बताबाई बसली होती, शेजारी वॉकर. मी तोंड फिरवून जाणार तेवढ्यात तिनं मला ओळखलं. बाकावर सरकली, जागा केली.

'भाऊ, तुमी इतं? बसा ना. माह्यं नाव आलं काय घरकुलाच्या यादीत?'

मी उभाच राहिलो. चौकशी चालू आहे असं काहीतरी म्हणालो.

'घाई नाही जी,' ती म्हणाली. 'तुमी त्या दिवशी चहा प्याले, मले लय बरं वाटलं. आमचे वकीलसाहेब पानी बी पेत नाही आमच्या घरचं. माह्या हातून चहा करून घेतला अन् खिडकीत ठेवून देल्ला. मी म्हनलं, असन बाप्पा, मोठे लोक हायत.'

तेवढ्यात पुकारा झाला आणि मी आत गेलो. साक्षीदाराच्या पिंजऱ्यात माणूस खरं बोलतो असा कायद्याचा समज आहे. माझा तरी तसा इरादा नव्हता.

चाळीस सेकंद दाखवून झाले. न्यायाधीशांनी चष्मा काढून पुसला आणि काहीतरी लिहिलं, ते आमच्या बाजूचं असणार हे कंपनीच्या वकिलांच्या चेहऱ्यावरून दिसत होतं. मग साहेब टेबल धरून, सावकाश, नेहमीचा वेळ घेऊन उठले. मी त्यांना प्रथमच जवळून बघत होतो. डाव्या तळहातावर तीन नंबर होते.

'चहा कसा होता?' त्यांनी विचारलं.

कंपनीचे वकील लगेच उभे राहिले. 'महोदय, या प्रश्नाचा दाव्याशी काय संबंध?'

'यायनं बाईले चहा करताना पाह्यलं, अन् प्याला बी. मंग चव त सांगू द्या,' साहेब न्यायाधीशांना म्हणाले.

'सांगा,' न्यायाधीश म्हणाले.

'चांगला होता. गोड होता,' मी म्हणालो.

'गाळून झाल्यावर कप तुमच्यापर्यंत कोनं आनला?'

'त्यांनीच.'

'कोन्या हातात?'

मला ते आठवत होतं. तिनं कप हातात आणलेलाच नव्हता. एक हात भिंतीला, दुसरा मांडीला, कप धरायला हातच उरला नव्हता. तिनं कप आधी पेटीच्या टोकाला ठेवला, मग स्वतः पुढे सरकली. मग कप तिवईवर ठेवला, पुन्हा सरकली. मग खाटेच्या काठावर. कप पुढे आणि मागून ती. असं करत ती त्या एवढ्याशा खोलीत माझ्यापर्यंत आली होती. मी हे सगळं सांगितलं. का सांगितलं ते विचारू नका. व्हरांड्यातली ती सरकून केलेली जागा डोक्यातून जात नव्हती.

साहेबांनी वहीत बघितलं नाही. माझ्याकडे बघत राहिले.

'तुमी जवान मानूस. दोन पाय शाबूत हायत. बाई अशी येऊन राह्यली, तर उठून कप काहून नाही घेतला?'

आजही हा प्रश्न मला बाजारात, बसमध्ये, जेवताना मधेच ऐकू येतो. उत्तर सोपं होतं आणि तेच मी दिलं.

'उठलो असतो तर मोबाईल हलला असता.'

न्यायाधीशांचं पेन थांबलं. कंपनीचे वकील कागद चाळायला लागले, जे ते आधीच चाळून बसले होते.

'मंजे पुरा वेळ चालू होता,' साहेब म्हणाले. 'मूळ व्हिडिओ हाय?'

'आहे.'

तो कोर्टात लावला. पंखा चालू होता आणि व्हिडिओत मधून मधून माझाच श्वास ऐकू येत होता. ती पहिल्यांदा उठायला लागल्यापासून कप माझ्या हातात येईपर्यंत एकेचाळीस मिनिटं गेली. साहेबांनी तोवर वहीतलं जुनं पान उघडून न्यायाधीशांपुढे ठेवलं, जे माझ्या भेटीच्या चार महिने आधी लिहून, अंगठा घेऊन दाखल केलेलं होतं. 'चहा, एकूण वेळ : चाळीस मिनिटे.' एका मिनिटाचा फरक होता. साहेबांनी त्याचंही कारण सांगितलं. पाहुणा घरी आला की बाई साखर थोडी जास्त घालते.

तेव्हा मला ती परीक्षा कळली. त्यांना माहीत होतं की कितीही बजावलं तरी ही माणसं पाहुणा आला की उठणार, चहा मांडणार आणि त्या चहात स्वतःची केस बुडवणार. म्हणून ते आमच्या आधी पोचून मोजमाप घेऊन ठेवत. आणि स्वतः त्या चहाला तोंड लावत नसत, कारण प्यायला लागले असते तर तेही आमच्यासारखे पाहुणे झाले असते. हा शेवटचा भाग त्यांनी मला कधी सांगितला नाही, मी लावलेला अर्थ आहे.

दावा मंजूर झाला. कंपनी वरच्या कोर्टात गेली नाही, एवढीच तिची दानत. मला एजन्सीनं सन्मानानं काढलं, म्हणजे शेवटच्या दिवशी चहा पाजला. यवतमाळात तोंड दाखवायला जागा नव्हती म्हणून मी पांढरकवड्यात कचेरीसमोर ऑनलाइन फॉर्म भरण्याचं दुकान टाकलं. पहिला फॉर्म पार्बताबाईच्या घरकुलाचा भरला. तिला खरं काय ते सांगितलं तेव्हा ती म्हणाली, 'पन चहा त खरा प्याले ना?' तो फॉर्म गेली सात वर्षं 'प्रक्रियेत' आहे. सर्व्हर बंद असतो, यादी वर गेलेली असते, कचेरीतले साहेब मीटिंगला असतात. मी एकदा तिच्याशी खोटं बोललो, सरकार दर महिन्याला बोलतं, आणि सरकारवर कुणी रागावत नाही.

वकीलसाहेबांकडे मी कोर्टानंतर महिन्याभरानं गेलो. आभार वगैरे मानले जातील अशी थोडी आशा होती. ते बसूनच म्हणाले, 'ये. तू व्हिडिओ कापत होता ना? मंग हे कागद नीट कापून फायलीले लाव.' आमची मैत्री अशी सुरू झाली.

आणि मग गेल्या हिवाळ्यात त्यांचा अपघात झाला. भाजीबाजारात ते रस्ता ओलांडत होते. डावीकडे पाहिलं, उजवीकडे पाहिलं, येणाऱ्या टेम्पोचा नंबर तळहातावर लिहिला. टेम्पोवाला बिचारा हॉर्न देऊन थांबला. मागून मेथीच्या जुडीवर धावलेला मोकाट गोऱ्हा आला आणि त्यानं त्यांना उचलून फेकलं. उजवा खुबा मोडला. टेम्पोवाल्याचा काही दोष नव्हता, पण हातावर नंबर त्याचा असल्यामुळे पोलिसांनी आधी त्यालाच धरलं.

यवतमाळला सळई टाकून ते घरी आले तेव्हा मी भेटायला गेलो. बैठकीतच टाकलेल्या खाटेवर पडल्या पडल्या त्यांनी वही उघडली होती.

'तीस वर्सं लोकायसाठी गाड्यायले कोर्टात ओढलं,' ते म्हणाले, 'अन् माह्याच वक्ताले आला त बिनानंबरचा. विमा नाही, लायसन नाही. लिही, गैरअर्जदार गोऱ्हा, राहणार भाजीबाजार.'

गोऱ्ह्याचा मालक शोधायचा मी प्रयत्न केला. पोळ्याला त्याला झूल घालून मिरवणारे निदान चार जण मला माहीत होते. आता त्या चौघांनीही कानावर हात ठेवले. नुकसानभरपाईच्या कायद्यात ज्यांची हयात गेली त्या माणसाला भरपाई द्यायला जगात कुणी नव्हतं. भेटायला येणारे लोक पाटीखाली उभे राहत आणि मनातल्या मनात म्हणत असतील की आता हा खरंच उठू शकत नाही. एकजण उघडही म्हणाला. साहेब म्हणाले, 'पाटी आधीच लावून ठेवली होती, बरं झालं.' हसले नाहीत. एकट्या माणसाचं घर, सकाळी एक बाई डबा आणून ठेवी, बाकी दिवसभर ते आणि भिंत.

पार्बताबाई महिन्याला घरकुलाची चौकशी करायला दुकानात येते, तशी आली. मी सर्व्हर बंद असल्याचं सांगितलं आणि साहेबांबद्दलही सांगितलं. ती लगेच वॉकर धरून उभी राहिली. 'मले घेऊन चाला,' म्हणाली. आजाऱ्याला भेटल्याशिवाय कसं राहायचं?

ती आत आली तेव्हा साहेबांनी सवयीनं हात वर केला. 'उठू नको. बस.'

'मी कुठं बसली, उभीच त हाय,' ती म्हणाली. खाटेकडे बघत राहिली, मग पायाकडे. 'कोन्या बाजूचा गेला?'

'उजवा.'

'माहा बी उजवाच.' मग ती म्हणाली, 'साहेब, चहा मांडू काय?'

'कायले? नको.'

'काहून? आता कोन शूटिंग काढून राह्यलं?' ती म्हणाली आणि माझ्याकडे बघितलं. मी दोन्ही हात खिशातून बाहेर काढले. 'केस त कवाचीच संपली ना साहेब. का अजून चालू हाय?'

साहेब खिडकीकडे बघत होते, जिथे ते कप ठेवत.

'संपली,' ते म्हणाले.

'मंग मांडू?'

खिडकीवरची नजर काढून ते म्हणाले, 'पत्ती वरच्या फळीवर हाय.'

ती पडद्यामागे गेली. वॉकरचा आवाज, डब्याचा आवाज, मधे बराच वेळ कसलाच आवाज नाही, मग पाणी. साहेबांचं घड्याळ उशाशी होतं. ते त्यांनी उचललं आणि पालथं ठेवलं. मी आत गेलो तर 'तुमी बसा भाऊ' म्हणून तिनं हाकललं. पण गाळून झालं आणि तिनं पहिला कप पडद्यालगतच्या पेटीवर पुढे ठेवला, तेव्हा मी उठलो, आत जाऊन कप तिच्यासमोरून उचलला आणि साहेबांच्या हातात दिला. सात वर्षं उशिरा का होईना, उठलो.

घरात कप दोनच होते. दुसरा तिनं मला दिला आणि 'मी मंग घेतो' म्हणाली. साहेब कप तोंडाजवळ नेऊन क्षणभर थांबले. मग प्यायला लागले. मीही एक घोट घेतला, आणि घेतल्याबरोबर मला इतक्या वर्षांत त्या खिडकीतल्या कपाला मुंगी का लागत नव्हती ते कळलं. वरच्या फळीवरच्या दुसऱ्या डब्यात साखर नव्हती, मीठ होतं. मुंग्या होऊ नयेत म्हणून साहेबांनी स्वतःच भरून ठेवलेलं असणार. पुरावा कुणी पीत नाही, त्याला साखर कशाला? इतक्या पक्षकारांनी चहा केला आणि एकालाही पत्ता लागला नाही, कारण तो चहा कधी कुणाच्या ओठाला लागलाच नव्हता.

साहेबांना माहीत होतं. ती डब्याकडे गेली तेव्हाच माहीत होतं. एक शब्द बोलले असते तर तिला पुन्हा फळीपर्यंत जावं लागलं असतं, पुन्हा पाणी, पुन्हा सगळं.

पार्बताबाई पडद्याला धरून उभी होती आणि त्यांच्या तोंडाकडे बघत होती. ते घोट घोट करत पूर्ण कप प्याले. मीही प्यालो. तिच्यासाठी भांड्यात उरलेला चहा मी भांडं उचलायच्या निमित्तानं मोरीत सांडून टाकला. पुरावा नाहीसा करण्याचा माझा जुना अनुभव त्या दिवशी पहिल्यांदाच चांगल्या कामी आला.

'गोड झाला काय साहेब?' तिनं विचारलं.

'झाला,' ते म्हणाले. 'बस आता.'

ती बसली. पदरानं तोंड पुसलं. 'आता गावात जाऊन सांगतो सगळ्यायले,' ती म्हणाली, 'साहेब माह्या हातचा प्याले.'

'सांग,' साहेब म्हणाले आणि माझ्याकडे बोट केलं. 'हा साक्षीदार हाय.'

आहे. उद्या कुणी शपथेवर विचारलं तरी मी सांगेन, गोड होता.